ऐरोलीच्या खाडीत पायात रंगीत पट्टी असलेला पक्षी दिसला, पुढे काय करायचं?

खाडीवाला | रविवार, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी. आज सकाळी ओहोटीच्या वेळी ऐरोलीच्या बाजूला खाडीवर गेलो होतो. फ्लेमिंगो खूप लांब होते म्हणून जवळच्या चिखलात जे छोटे पक्षी होते तेच बघत बसलो, बहुतेक सगळे काळ्या शेपटीचे गॉडविट, लांब सरळ चोच अख्खी चिखलात घालून शिवणाच्या मशीनसारखे चरत होते. त्यातल्या एकाने पाय उचलला आणि पायाला काहीतरी चमकलं. आधी वाटलं प्लास्टिकचा कचरा अडकला असेल, मग कॅमेऱ्यात झूम करून बघितलं तर नीट बसवलेली पट्टी आहे, झेंड्यासारखं एक टोक बाहेर आलेलं, आणि दुसऱ्या पायात धातूचं कडं. पट्ट्या दोन असाव्यात, एक फिकट एक गडद, पण चिखल एवढा लागलाय की रंग कुठला ते मी छातीठोकपणे सांगू शकत नाही. काहीतरी अक्षरं पण आहेत.

खाडीकाठीच लहानाचा मोठा झालो पण असं आयुष्यात पहिल्यांदा बघितलं. फोटो पाच-सहा आहेत, त्यातले दोन बरे. आता हे कोणाला कळवायचं, कळवून उपयोग होतो का, आणि हा पक्षी कुठून आला ते मला कळू शकेल का? दुपारपासून दुसरं काही सुचत नाहीये.

सुगरण | रविवार, रात्री १०.१५

वा, अभिनंदन! पहिली गोष्ट, फोटो क्रॉप करून मूळ फाइल डिलीट करू नका, सगळेच्या सगळे ठेवा, धूसर असलेले सुद्धा. एका फोटोत एक अक्षर दिसतं दुसऱ्यात दुसरं, मिळून कोड जुळतो.

ही पट्टी म्हणजे फ्लॅग. कुठल्या भागातल्या संशोधकांनी कुठले रंग वापरायचे हे देशादेशांत ठरलेलं असतं, त्यामुळे नुसत्या रंगांवरून आणि कुठला वर कुठला खाली यावरून पक्षी कुठे पकडला होता ते कळतं, आणि अक्षरं वाचता आली तर नेमका कुठला पक्षी तेही. म्हणून लिहून ठेवा: डावा पाय की उजवा, पट्टी सांध्याच्या वर की खाली, वरचा रंग कुठला, खालचा कुठला. डावा-उजवा म्हणजे पक्ष्याचा, आपला नाही. आणि तो जो सांधा उलटा वाकतो त्याला आपण गुडघा म्हणतो पण तो पक्ष्याचा घोटा असतो, गुडघा वर पिसांत झाकलेला.

कळवायचं बीएनएचएसला, म्हणजे मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीला. तारीख, वेळ, जागा, थवा साधारण किती होता, सगळं लिहा. उपयोग होतो का विचारलंत, तर होतो, फार होतो. कडं घालणारे हजारो पक्ष्यांना घालतात आणि त्यातले पुन्हा दिसतात ते फार थोडे. कोणी वाचलंच नाही तर त्या कड्याला काही अर्थ उरत नाही.

आणि अजून एक, गॉडविट ओहोटीला पोटापर्यंत चिखलात असतो, तेव्हा पट्टी दिसणं अवघड. उधाणाच्या दिवसांत भरतीला जा. पाणी चढलं की सगळे उंच जागी दाटीवाटीने एका पायावर उभे राहतात, पायही पाण्याने धुतलेले असतात. भांडुप पंपिंगच्या बाजूला बघा.

उजनीकाठ | रविवार, रात्री ११.०२

सुगरण ताई एक विचारू का. असलं कडं ॲल्युमिनियमचं पण असतं का, बारीक, बोटात न जाणारं, वर इंग्रजी अक्षरं ठोकलेली? आमच्या आज्याच्या किल्ल्यांच्या जुडग्यात असलं एक आहे. लहानपणापासनं बघतोय, कुणी कधी विचारलंच नाही काय आहे म्हणून. उद्या गावी फोन करून बघतो.

निशिगंध | सोमवार, सकाळी ८.२०

सगळ्यांच्या उत्साहावर पाणी टाकायचं नाहीये, पण मला मनापासून प्रश्न पडतो. तो जीव हजारो किलोमीटर उडून येतो, थकलेला असतो, आपण त्याला जाळ्यात पकडणार, हातात धरणार, पायात लोखंड अडकवणार आणि त्याला अभ्यास म्हणणार. त्याच्या परवानगीचं काय? जाळ्यात अडकल्यावर त्याच्या काळजाचे ठोके किती वाढत असतील. मी फोटो काढणाऱ्यांनी घरट्याजवळ जाऊ नये म्हणून भांडणारी बाई आहे, मग संशोधकांना वेगळा न्याय का द्यायचा? आजच्या काळात दुर्बिणी आहेत, एवढे चांगले कॅमेरे आहेत, लांबून अभ्यास होत नाही का?

सुगरण | सोमवार, दुपारी २.३५

निशिगंध, प्रश्न रास्त आहे आणि मी पहिल्यांदा कडी घालायच्या कॅम्पला गेले तेव्हा हाच प्रश्न घेऊन गेले होते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी हे की कोणीही उठून पक्षी पकडू शकत नाही. १९७२चा वन्यजीव कायदा आहे, वनखात्याची लेखी परवानगी लागते, आणि हात तयार झाल्याशिवाय कोणी तुम्हाला पक्षी देत नाही. मी पहिले तीन दिवस फक्त वहीत नोंदी लिहीत होते.

पहाटे अंधारात जाळी लावतात. मिस्ट नेट म्हणजे केसासारख्या बारीक काळ्या धाग्याचं जाळं, दोन बांबूंच्या मध्ये ताणलेलं, त्याला आडवे खिसे असतात. पक्षी येऊन आदळतो आणि अलगद खिशात पडतो, पिशवीत पडल्यासारखा. दर वीस-पंचवीस मिनिटांनी जाळ्यांवर फेरी मारायचीच, आणि पाऊस आला, वारा सुटला किंवा ऊन चढलं की जाळी बंद. आमच्या ताईंचं म्हणणं असायचं की चहा गार झाला तरी चालेल पण फेरी चुकता कामा नये.

पक्षी सोडवायचा तो ज्या बाजूने शिरला त्या बाजूने, आधी पाय, मग पंख, शेवटी डोकं. मग कापडी पिशवीत. अंधार झाला की तो शांत होतो, हे मी स्वतः बघितलंय. हातात धरायचा म्हणजे मान दोन बोटांच्या मध्ये आणि पाठ तळहाताला, छातीवर अजिबात दाब द्यायचा नाही, कारण पक्षी श्वास घेताना छातीचं हाड पुढे येतं, ते अडलं तर तो गुदमरतो. कड्याचा नंबर, पंखाची लांबी, वजन, चोच, पिसं झडतायत का, आणि गळ्याच्या खालच्या खळग्यात चरबी किती साठलीय ते फुंकर मारून बघायचं. ती पिवळी चरबी म्हणजे त्याचं प्रवासाचं पेट्रोल. खळगा भरून वर आला असेल तर समजायचं हा आता निघणार. हे दुर्बिणीतून दिसत नाही हो.

माझ्या हातात आलेला पहिला पक्षी नाचण होता. एवढासा जीव, पण कडं घालेपर्यंत शेपटीचा पंखा उघडून माझ्याकडे रागाने बघत होता. हात उघडला तर क्षणभर तळहातावर तसाच बसून राहिला आणि मग गेला. वीस मिनिटांनी समोरच्या फांदीवर माशा पकडत होता. त्या दिवशी रात्री मला झोप लागली नव्हती.

आणि हो, इजा होते. ते लपवून मी काही मिळवणार नाही. अमेरिका-कॅनडातल्या २२ संस्थांच्या सहा लाखांहून जास्त पक्ष्यांच्या नोंदी एकत्र करून अभ्यास झाला होता, त्यात जखमी होणारे ०.५९ टक्के आणि मरणारे ०.२३ टक्के निघाले. म्हणजे हजारात दोन-तीन. लहान वाटतं, पण ज्याच्या हातात तो एक असतो त्याला विचारा.

योगिनी_डेन्मार्क | सोमवार, संध्याकाळी ६.५०

मी सध्या डेन्मार्कला असते म्हणून राहवलं नाही. हे सगळं सुरू झालं ते इथल्या विबोर्ग नावाच्या गावात. हान्स ख्रिश्चन मॉर्टेन्सन म्हणून एक शाळामास्तर होते. त्यांनी १८९० मध्ये दोन मैनांना (इथली स्टारलिंग, आपल्या साळुंकीची बहीण) जस्ताचे वाळे घालून बघितले, पण ते जड झाले. मास्तरांनी तिथे थांबून विचार केला, पक्ष्याला जड होतंय तर हे बरोबर नाही. नऊ वर्षं गेली मध्ये. मग ॲल्युमिनियम स्वस्त झालं आणि १८९९ मध्ये त्यांनी हलके वाळे स्वतः वाकवून, त्यावर नंबर आणि विबोर्गचं नाव ठोकून १६५ स्टारलिंगना घातले. लाकडी घरट्यांच्या पेट्या आणि त्यांना आपोआप बंद होणारं दार, ही पकडायची युक्ती पण त्यांचीच.

त्या आधी माणसाला काय माहीत होतं? जर्मनीत १८२२ साली एक करकोचा सापडला होता, त्याच्या मानेत आफ्रिकेतला भाला आरपार घुसलेला, तसाच उडत आला होता बिचारा. तो अजून रोस्टॉकच्या विद्यापीठात ठेवलाय. त्याआधी लोक समजायचे की पक्षी हिवाळ्यात तळ्याच्या तळाशी जाऊन झोपतात. म्हणजे करकोचे कुठे जातात हे कळायला एका करकोच्याच्या मानेत भाला जावा लागला, आणि मॉर्टेन्सन मास्तरांनी तेच काम एका हलक्या वाळ्यावर आणलं. निशिगंध, मला तरी यात क्रूरता दिसत नाही, उलट एका शिक्षकाची काळजी दिसते.

आणि कड्यामुळेच कळलेली एक गोष्ट सांगते. पॅसिफिक महासागरातल्या मिडवे बेटावर विजडम नावाची एक अल्बॅट्रॉस मादी आहे. चँडलर रॉबिन्स यांनी तिला १९५६ मध्ये कडं घातलं, तेव्हाच ती अंडी घालायच्या वयाची होती. पुढे २००२ मध्ये त्यांनीच तिला पुन्हा पकडलं, सेहेचाळीस वर्षांनी, तोच माणूस आणि तोच पक्षी. २०२४ च्या शेवटी तिने परत अंडं घातलं, वय कमीत कमी ७४. पायात नंबर नसता तर ती बाकीच्या हजारो अल्बॅट्रॉससारखीच एक पांढरी-काळी मादी, कोणाला काय कळणार होतं.

निशिगंध | सोमवार, रात्री ९.१०

सुगरण, तू आकडा लपवला नाहीस त्याबद्दल आभार. माझं मत पूर्ण बदललंय असं नाही, पण जड झालं म्हणून नऊ वर्षं थांबलेले मास्तर मला आवडले. आता एक शंका, जीपीएस टॅग असताना एवढ्या हजारो पक्ष्यांना कडी घालायची गरज काय? दहा पक्ष्यांना टॅग लावा, सगळा रस्ता कळेल.

वऱ्हाडी_पाखरू | मंगळवार, सकाळी ७.०५

टॅगचा पहिला प्रश्न वजनाचा आहे ताई. साधारण नियम असा की पक्ष्याच्या वजनाच्या तीन टक्क्यांच्या वर ओझं नको. गिधाडाला जमते, फ्लेमिंगोला जमते, पण आठ-दहा ग्रॅमच्या वटवट्याला काय लावणार? त्याच्यासाठी कडंच. आणि टॅग महाग, म्हणून दहाच लागतात, आणि दहा पक्ष्यांवरून सगळ्यांचं आयुष्य किती, दरवर्षी किती वाचतात किती मरतात हे नाही निघत. त्याले हजारो कडी आणि वर्षानुवर्षं बघणारे डोळे पाहिजेत.

पण टॅगचं काम पण लय मोठं आहे. आपल्याच ठाणे खाडीत २०२२ मध्ये बीएनएचएसने सहा फ्लेमिंगोंना टॅग लावले, नावं दिली हुमायून, सलीम, मकॅन, लेस्टर, खेंगारजी आणि नवी मुंबई. खेंगारजी म्हणजे कच्छचे महाराव, ज्यांच्यामुळे रणातली फ्लेमिंगोंची वसाहत जगाला कळली. आणि ताडोबात सोडलेल्या गिधाडांपैकी एक तर २०२४ मध्ये चार-पाच राज्यं फिरत तामिळनाडूत पोचलं. आमच्या चंद्रपूरचं पाखरू तिथं जाऊन मेलं हे टॅग होता म्हणून कळलं, नाहीतर कुठल्या शेतात पडलं कोणाले माहीत.

नागालँडचं तर सगळ्यांना माहीत असेल. २०१२ मध्ये दोयांग जलाशयाजवळ अमूर ससाणे हजारोंनी जाळ्यात धरून मारले जात होते. २०१३ मध्ये तिथल्याच लोकांनी शिकार बंद केली, आणि त्याच नोव्हेंबरात तीन ससाण्यांना सॅटेलाइट टॅग लागले, नावं नागा, वोखा, पांगती. पांगती हे त्या गावाचं नाव. गावाच्या नावाचा पक्षी आफ्रिकेत जाऊन परत येऊन राहिला हे गावानं मोबाइलवर पाहिलं. मग कोण मारते त्याला? हे ससाणे महाराष्ट्रावरूनच अरबी समुद्राकडे जातात, आपण खाली झोपलेलो असतो.

माझा स्वतःचा अनुभव म्हणाल तर नागपूरच्या बाहेरच्या एका तलावावर थंडीत पट्टकादंब येतात, डोक्यावर दोन काळ्या पट्ट्यावाले हंस. एका वर्षी त्यातल्या एकाच्या मानेत हिरवी कॉलर, वर पांढरी अक्षरं. मंगोलियातून घातलेली. मी चिखलात पोटावर पडून दीड तास होतो तेव्हा कुठं सगळी अक्षरं वाचता आली. हिमालय ओलांडून आलेला पक्षी. त्यांच्यातल्या टॅग लावलेल्या एकाची उंची ७,२९० मीटरपर्यंत मोजली गेलीय. घरी येऊन आईला सांगितलं तर ती म्हणे, एवढं उडून आला तर त्याले जेवू तरी द्या.

अण्णा_दोडामार्ग | मंगळवार, सकाळी ११.३०

या विषयाचा आमच्या भागाशी संबंध आहे म्हणून लिहितो. आमच्या सिंधुदुर्गात माकडताप सर्वांना ठाऊक आहे. दोडामार्ग, बांदा या पट्ट्यात २०१६ पासून फार त्रास झाला, काजूच्या बागेत कामाला जायचं म्हणजे गोचीड चावतात की काय ही भीती. त्याचं मूळ नाव क्यासनूर जंगलाचा आजार. कर्नाटकात शिमोगा जिल्ह्यात १९५७ मध्ये माकडं मरायला लागली, पाठोपाठ माणसं. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्राने, ज्याला आज आपण एनआयव्ही म्हणतो, त्यांनी विषाणू वेगळा काढला. तो रशियाकडच्या गोचिडीतून पसरणाऱ्या तापाच्या विषाणूचा सख्खा भाऊ निघाला. मग प्रश्न आला, सायबेरियातला भाऊ इथे घाटात कसा? संशय गेला स्थलांतर करून येणाऱ्या पक्ष्यांवर, की त्यांच्या अंगावरच्या गोचिडींतून आला असेल.

सलीम अलींना पक्ष्यांना कडी घालायचं मोठं काम करायचं होतंच, पैसा नव्हता. या संशयामुळे जागतिक आरोग्य संघटनेची मदत मिळाली आणि १९५९ पासून बीएनएचएसचं काम खऱ्या अर्थाने वाढलं. भरतपूरला बदकं, दक्षिणेत कोडियाक्कराईला किनाऱ्यावरचे पक्षी. बिहारमधल्या पिढीजात पारध्यांना, मीरशिकार म्हणतात त्यांना, पक्षी धरायला बोलावलं गेलं. ज्यांच्या वाडवडिलांनी बाजारात विकायला पक्षी धरले त्यांच्याच हातांनी ते सुखरूप धरून सोडायला शिकवलं, ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

पक्ष्यांनीच तो ताप आणला असं काही सिद्ध झालं नाही. पण त्या शोधातून इथली बदकं सायबेरियात, कझाकस्तानात जातात याचे पुरावे हातात आले. पाखरांवरचा आळ पाखरांच्याच कामी आला.

कुर्ला_लोकल | मंगळवार, दुपारी १.१५

अण्णा, आळावरून आठवलं. २०२३ मध्ये चेंबूरच्या पीरपाव जेट्टीजवळ एक कबूतर पकडलं होतं ना, पायात कडी आणि पंखांवर चिनी अक्षरांसारखं काहीतरी, हेर म्हणून पोलिसांनी ताब्यात घेतलं. मग ते परळच्या प्राण्यांच्या इस्पितळात आठ महिने होतं आणि जानेवारी २०२४ च्या शेवटी सोडलं. ते पण अशाच अभ्यासाचं होतं का?

सुगरण | मंगळवार, दुपारी ३.४०

नाही, ते तैवानचं शर्यतीचं कबूतर होतं. शर्यतीच्या कबुतराचं कडं अखंड असतं, पिल्लू काही दिवसांचं असताना पायातून सरकवतात, मग पाय वाढला की निघत नाही. अभ्यासाचं कडं उघडं असतं, सी आकाराचं, खास पकडीने पायाभोवती मिटवायचं, दोन्ही टोकं एकमेकांना टेकली पाहिजेत, फट राहिली तर धागा अडकतो. कडं पायावर वरखाली सरकलं पाहिजे पण घोट्यावरून निघता कामा नये.

त्या कबुतराचं मला फार वाईट वाटलं होतं. आठ महिने, आणि गुन्हा काय तर पायात कडं. म्हणून सगळ्यांना विनंती, कड्याचा पक्षी दिसला किंवा सापडला तर घाबरू नका, पायातून काढायचा प्रयत्न करू नका, जिवंत असेल तर फोटो काढून सोडा. मेलेला सापडला तर कड्याचा फोटो आणि नंबर कळवा. आपल्याकडे नोंदी कमी येतात त्याचं एक कारण हीच भीती आहे असं माझं स्पष्ट मत आहे. लोकांना वाटतं आपल्यावर काहीतरी येईल.

उजनीकाठ | मंगळवार, रात्री १०.२०

तुम्ही भीतीचं लिहिलं आणि मी हे लिहायलाच बसलो होतो.

आज्याला फोन केला. आज्या ब्याऐंशीचा आहे, कान चांगले आहेत. म्हटलं ते किल्ल्यांच्या जुडग्यातलं कडं कसलं? गप बसला जरा वेळ. मग म्हणला, बदकाचं.

उजनी धरण व्हायच्या आधीची गोष्ट. आमचं जुनं गाव आता पाण्याखाली आहे, तेव्हा भीमेला मोठे डोह होते, थंडीत बदकं उतरायची. आज्या तेव्हा विशी-बाविशीचा, फासे लावायचा. तेव्हा बंदी नव्हती, आणि घरात खाणारी तोंडं अकरा. एक लांब शेपटीचं बदक सापडलं, त्याच्या पायात हे. आज्याला वाचता येत नाही, शाळेतल्या गुरुजींना दाखवलं, गुरुजी म्हणले इंग्रजीत मुंबई लिहिलंय. झालं, आज्याला वाटलं हे मुंबईच्या कुणातरी सायबाचं पाळलेलं बदक आपण मारलं. पोलीस येतील म्हणून गुरुजींना पण शपथ घातली. कडं फेकून द्यायचा धीर झाला नाही, दुसऱ्याची वस्तू आहे म्हणून. आज्यानं ते किल्ल्यांत अडकवलं आणि आजवर कुणाला सांगितलं नाही. गाव उठलं, नवीन गावठाणात घर बांधलं, जुन्या घराच्या किल्ल्या पण त्याच जुडग्यात आहेत, कुलपं पाण्यात गेली तरी. त्यातच हे.

मी त्याला सांगितलं की आज्या ते कुणाचं पाळलेलं नव्हतं, त्यांना फक्त कळवायचं होतं कुठं सापडलं म्हणून. तर म्हणला, मग एवढंच लिहायचं ना मराठीत.

निशिगंध | मंगळवार, रात्री १०.४८

"मग एवढंच लिहायचं ना मराठीत." दोनदा वाचलं. उजनीकाठ, आजोबांना माझा नमस्कार सांगा.

सुगरण | मंगळवार, रात्री ११.१०

अहो, ते अजूनही कळवता येतं! जुन्या कड्यांच्या नोंदी वह्यांमध्ये असतात. जुन्या कड्यांवर इंग्रजीत "इन्फॉर्म बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटी" अशा अर्थाचं थोडक्यात कोरलेलं असायचं, गुरुजींनी मुंबई वाचलं ते अगदी बरोबर. नंबर झिजला असेल तर घासू नका, कुठलंही पॉलिश लावू नका. कडं हलक्या हाताने सपाट करता आलं तर करा, नाहीतर राहू दे. त्यावर पातळ कागद ठेवून मऊ पेन्सिल आडवी फिरवा, लहानपणी नाण्याचा छाप काढायचो तसं. आणि तिरप्या उजेडात फोटो.

खाडीवाला | शनिवार, दुपारी ४.३०

माझा धागा होता पण खरी गोष्ट उजनीची निघाली, तरी माझंही सांगतो. सुगरण ताईंनी सांगितल्याप्रमाणे उधाण बघून भरतीला गेलो. दोन दिवस काहीच नाही. आज तिसऱ्या दिवशी शे-दीडशे गॉडविट दाटीने उभे होते, सगळे एका पायावर, नेमका पट्टीचा पाय पोटात घेतलेला असला तर काय करणार. पावणेदोन तास बसलो. मग एक घार वरून गेली, सगळे दचकले, पाय खाली टेकले आणि मला तो दिसला! पट्टी स्वच्छ, तिन्ही अक्षरं वाचता आली. मेल केला आणि नशिबाने लगेच उत्तर आलं. दोन हिवाळ्यांपूर्वी याच खाडीत, मी उभा होतो तिथून फार लांब नाही अशा जागी त्याला कडं घातलं होतं. त्यानंतरची ही पहिलीच नोंद.

आधी थोडा हिरमुसलो, मला वाटत होतं रशिया वगैरे निघेल. मग बायको म्हणाली, अरे म्हणजे तो दोनदा उत्तरेला जाऊन दोनदा बरोबर आपल्याच खाडीत परत आलाय. एवढ्या किनाऱ्यातून हाच चिखल. आणि आपल्याला वाटतं भराव टाकला तर पक्षी दुसरीकडे जातील.

वऱ्हाडी_पाखरू | शनिवार, संध्याकाळी ५.०५

हेच तर. परत आला ही पण नोंदच आहे, आणि माझ्या मते लांबून आलेल्या पेक्षा जास्त महत्त्वाची. जागा वाचवायला कागद हाच लागतो.

उजनीकाठ | रविवार, रात्री ८.५०

आज गावी जाऊन आलो. कड्याचा छाप काढला. इंग्रजीतलं बॉम्बे स्पष्ट आलं. नंबरातले पाच आकडे स्पष्ट आहेत, एक धड तीन वाटतो धड आठ. दोन्ही लिहून पाठवतोय.

फॉर्म भरताना तारीख विचारतात. आज्याला साल सांगता येईना. म्हटलं काही तरी आठवत असेल, लग्न, दुष्काळ, काही. विचार करून म्हणला, कोयनेचा भूकंप झाला, पहाटे भांडी पडली, तेव्हा कडं किल्ल्यांत होतं, ती खुळखुळली म्हणून जाग आली. बदक त्याच्या आदल्या थंडीतलं. कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ चा, म्हणजे बदक १९६६-६७ च्या हिवाळ्यातलं.

मग जागा. ती पाण्याखाली. आज्या म्हणला चल दाखवतो. ब्याऐंशीव्या वर्षी होडीत बसला, चुलत्यानं होडी हाणली, आणि आज्या पलीकडच्या टेकाडाकडं आणि पाण्यातनं वर आलेल्या देवळाच्या शिखराकडं बघत बघत डावीकडं घे, अजून घे करत एका जागी थांब म्हणला. हितं जांभळ होतं, त्याच्या खाली डोह. मोबाइलवर जागेचे आकडे घेतले. आसपास भरपूर बदकं होती, लांब शेपटीची पण होती.

कडं मी पाठवायला मागितलं तर आज्यानं दिलं नाही. छाप पाठव म्हणला.